परातीतलं वर्ष

कोमट पाणी, अर्धा चमचा मीठ,
पितळेची परात.
पाकिटांचे कापलेले कोपरे पालथे घालायचे
आणि थांबायचं.
डिंक आपणहून सोडतो, ओढायचं नाही.
छत्तीस वर्षं प्रेसमध्ये गमिंगला होतो,
भोंग्याच्या आधी जेल रोडवरून सायकल मारत.
चिकटवण्यात हयात गेली,
आता सोडवत बसतो.

आग्नेसबाईंचं पाकीट दर फेब्रुवारीत येतं.
त्यांचा देश भाची नकाशावर शोधते
तेव्हा तिच्याच बोटाखाली झाकला जातो.
माणसं आपल्या नाशिकपेक्षा कमी,
तरी राजधानी आहे, सैन्याचा बँड आहे,
आणि सरकार, जे पडतं.

बाई लिहितात,
इंग्रजी त्यांचंही माझ्यासारखंच, भिंत धरून चालणारं:
मार्चमध्ये सरकार पडलं.
आवाज झाला नाही, मी दाताच्या डॉक्टरकडे होते.
कारण बसचं भाडं.
लोक चौकात छत्र्या घेऊन उभे राहिले,
पाऊस होता तरी कुणी उघडल्या नाहीत.

त्यावर तिकीट नाही निघालं.
तिकीट निघालं चौकातल्या लिंडनच्या झाडावर.
हे बघा, सुटून वर आलं,
हिरवं, कडेचा एक दात तुटलेला.
झाड ठेवायचं की पाडायचं, नगरसभेत मतदान,
सहा विरुद्ध पाच.
सहावा हात पाववाल्याचा.
तो अजून शपथेवर सांगतो,
मी खिडकी लावा म्हणायला हात वर केला होता.
झाड राहिलं.

काळ्या चौकटीतले म्हातारे राष्ट्राध्यक्ष.
त्यांच्या जागी आलेल्या बाई
शाळेत पोरांना पोहायला शिकवायच्या.
आणि हे शेवटचं, जनगणनेचं, नुसते आकडे:
गेल्या खेपेपेक्षा चौऱ्याऐंशी माणसं कमी.
नावं छापत नाहीत, बाई लिहितात,
पण बहुतेक मला माहीत आहेत.

सगळ्यात खाली, नेहमीसारखं:
तुमच्याकडे वर्षभरात काय झालं?

परातीत वर्ष पालथं पडलेलं,
मी बोटं पुसतो.
काय झालं?
आमच्याकडे निवडणूक झाली नाही.
नगरसेवक माजी,
त्याचा वाढदिवसाचा फलक मात्र आजी.
सही करणारा साहेब कुठून तरी येतो,
आपलं आडनाव उच्चारायला शिकतो
तोवर त्याची बदली.
हे तिकिटाएवढ्या जागेत कसं बसवू?

मग आठवलं, विहितगावच्या वळणावर दिवा लागला.
यमुना खर्जुल, शिवणकाम करणारी,
दर सोमवारी एक अर्ज, अकरा महिने.
आवक-जावकचा कारकून शेवटी शेवटी
ती दिसली की आधी चहा सांगायचा,
मग शिक्का शोधायचा.
एका सोमवारी ती गेलीच नाही, ताप होता,
तर कार्यालयातून फोन, बाई, बऱ्या आहात ना?
त्याच आठवड्यात खांब उभा राहिला.
फीत नाही, नारळ नाही.
संध्याकाळी आधी पाखरं आली,
मग पोरं,
मग यमुनाबाई घोंगडी पांघरून,
वर बघत,
जणू शिलाई सरळ आली की नाही ते तपासत.

एवढंच लिहिलं. दीड पान.
पासपोर्टही आमच्याच आवारात छापतात, लाखांनी,
मी कधी काढला नाही.
बाईंचं झाड मी बघणार नाही,
त्या आमचा दिवा.

पोस्टात खिडकीवर नवी मुलगी,
म्हटलं, परदेशी जायचंय, चांगली चित्राची तिकिटं द्या.
तिकिटं संपलीत काका, ती म्हणाली,
मशीनचा छाप मारते, चालेल?
तिच्या मागे, खिडकीतून दिसतील एवढ्या जवळ,
प्रेसची भिंत, काटेरी तार,
आणि दुपारच्या पाळीचा भोंगा.
चालेल म्हणालो.
सवयीनं जीभ मात्र
ओठांवर फिरली.